कादंबरीतल्या जगाची कालगणना फारच गुळगुळीत झालीये, काय करू?

कातरवेळ (कोथरूड):
नमस्कार मंडळी. दोन वर्षं झाली, ऑफिसवरून आल्यावर रात्री मराठीत फँटसी कादंबरी लिहितेय. त्या जगाला दोन चंद्र आहेत, थोरली आणि धाकटी. थोरली 26 दिवसांत पुनवेवरून पुनवेला येते, वर्ष 364 दिवसांचं, म्हणजे बरोबर 14 महिने. धाकटी 7 दिवसांची, तिच्यावरून आठवडा. महिन्यांची नावं कामांवरून ठेवलीत, पेरा, निंदण, राखण, मळणी अशी. सगळं बसलंय आणि तेच खुपतंय. मैत्रिणीने तीन प्रकरणं वाचली आणि म्हणाली, तारखा वाचताना भिंतीवरचं कॅलेंडर बघितल्यासारखं वाटतं, तिथे माणसं राहतात असं वाटत नाही. तिचं पटलं मला, पण नेमकं काय बदलू ते कळत नाहीये. प्लीज सांगा.

तिथीवार:
ताई, आकडे इतके बरोबर बसतात तिथेच गडबड आहे. आपल्याकडे बारा चांद्रमासांचे 354 दिवस होतात आणि सूर्याचं वर्ष 365 आणि वर पाव, म्हणजे दरवर्षी साधारण 11 दिवस मागे पडतात, ते साचून साडेबत्तीस-तेहतीस महिन्यांनी अधिक महिना घालावा लागतो. आता त्या एका महिन्यावर काय काय उभं राहिलंय बघा, जावयाला तेहतीस अनारशांचं वाण, लग्न-मुंज नाही, सासरा जावई येणार म्हणून तयारीला लागलेला. हिजरीत तो महिना घालतच नाहीत म्हणून रमजान सगळ्या ऋतूंतून फिरतो.

तुम्ही थोरलीला सव्वासव्वीस दिवस द्या आणि वर्ष 372 दिवसांचं करा. 14 महिन्यांचे 367 आणि वर अर्धा, दरवर्षी साडेचार दिवस कमी पडणार, सहा वर्षांत 27 साचले. अधिक महिना टाकला की त्यातले सव्वासव्वीस गेले, पाऊण दिवस उरला. हा पाऊण दिवस दर सहा वर्षांनी उरत उरत 210 वर्षांनी अख्खा एक महिना होतो (कागदावर दोनदा करून बघितलंय). म्हणजे तुमच्या जगात 210 वर्षांतून एकदा असा महिना घालायचा असतो जो जिवंत माणसांपैकी कुणीच बघितलेला नसतो, नुसता पोथीत लिहिलेला असतो. आपला क्षयमास, म्हणजे पंचांगातून गाळला जाणारा महिना, तसाच दुर्मिळ, 1963-64 ला आला, मग 1982-83 ला, त्यानंतर नाहीच, माझ्या मुलांना तो शब्दही माहीत नाही.

आणि घालायचा की नाही यावर भांडण होणारच. पुणेकरांना वेगळं सांगायला नको, टिळक पंचांगवाल्यांची संक्रांत चार दिवस आधी, राशीचक्र नेमकं कुठून मोजायचं एवढाच फरक, पण त्यापायी एखाद्या वर्षी अधिक महिना वेगळा पडतो आणि एकाच वाड्यात वरच्या मजल्यावर गणपती महिनाभर आधी येतात.

बोरूवाला:
वरचं सगळं मान्य, पण माझ्या मते आकड्यांच्या आधी एक ठरवा, मोजतंय कोण? मी मोडी शिकतोय. पेशवाईतल्या कागदावर वर्ष असं येतं, सलास सबैन मया व अलफ, म्हणजे तीन, सत्तर, शंभर, हजार, झाले 1173, त्यात 599-600 मिळवले की इसवी सन 1772-73. हा सुहूर सन. त्याचं वर्ष बदलतं सूर्य मृगात गेल्यावर, कारण शेतसाऱ्याचा हिशोब पिकाबरोबर चालतो. पण त्याच तारखेतला महिना मात्र हिजरी, चंद्राचा! शिवाय शालिवाहन शक होताच आणि 1674 ला महाराजांनी राज्याभिषेकापासून नवा शक सुरू केला तो निराळा. पहिल्यांदा असा कागद वाचला तेव्हा तासभर नुसता तारखेवर बसलो होतो, आणि तो लिहिणाऱ्या कारकुनाला यात काही अवघड वाटत नव्हतं याचंच मला जास्त नवल वाटलं. तुमच्या जगातही वसुलीवाल्याचं वर्ष वेगळं आणि देवळातलं वेगळं असू दे. धाकटीवर आठवडी बाजार बसवा, तिचं काम तेवढंच.

नदीकाठ:
माझी आजी नारायण पेठेतली. तिला कधी कुठल्याच गोष्टीचा सन सांगता आला नाही. 12 जुलै 1961 ला पानशेत फुटलं, त्यानंतर तिच्यासाठी दोनच काळ होते, पुराआधी आणि पुरानंतर. माझ्या काकाचा जन्म पुरानंतरच्या दिवाळीतला, शिवणाचं मशीन पुराआधीचं. ते मशीन अजून आहे आमच्याकडे, पायट्याच्या जाळीत कोपऱ्यात गाळ बसलाय तो आजीने शेवटपर्यंत खरवडू दिला नाही. तुमच्या पात्रांच्या तोंडी महिन्याची तारीख अगदी क्वचित येऊ द्या, बायका तर असंच काहीतरी धरून बोलतात.

कातरवेळ (कोथरूड):
तिघांचेही मनापासून आभार, रात्री दीड वाजता उठून वही काढली. 372 आणि सव्वासव्वीस पक्कं. कथा 210 व्या वर्षातच सुरू करतेय. देवळातली पोथी म्हणते मळणीनंतर तो महिना घाला, वसुलीवाला म्हणतो असला महिना कुणी बघितलाय, सारा ठरल्या दिवशीच भरा. माझी नायिका सात महिन्यांची गरोदर आहे आणि त्या न मोजलेल्या महिन्यात बाळ झालं तर त्याचं वय कुठून धरायचं हे तिला कुणीच सांगू शकत नाहीये. पहिलं प्रकरण पुन्हा लिहायला घेतलंय, झालं की इथेच टाकते.