फोटोवरून काढलेला पक्षी पेंढा भरल्यासारखा दिसतो, जुने चित्रकार नेमकं काय करायचे?

कोथरूडची_शाई

नमस्कार मंडळी, प्रश्न जरा लांबलचक आहे पण सांभाळून घ्या. बरीच वर्षं वॉटरकलर करतेय, आधी वाडे, घाट, पर्वती असलं सगळं, आणि आता पक्ष्यांचं वेड लागलंय. आमच्या गॅलरीसमोरच्या तारेवर खंड्या येऊन बसतो, त्याचे ह्यांनी काढलेले ढीगभर फोटो आहेत, त्यावरूनच चित्रं काढते. पीस न् पीस येतं, चोच बरोबर, मापं बरोबर, आणि तरी अख्खा पक्षी पेंढा भरून ठेवल्यासारखा दिसतो. मग अमेरिकेचा ऑड्युबॉन, इंग्लंडचा गूल्ड वगैरे जुन्या पक्षी-पुस्तकवाल्यांची चित्रं नेटवर बघते, दोनशे वर्षांपूर्वीची, तेव्हा यांच्याकडे कॅमेरा नव्हता की काही नव्हतं, आणि त्यातला पक्षी मात्र फांदीवर वजन टाकून बसलेला असतो. हे कसं जमवायचे ते लोक? जिवंत पक्षी बघून काढायचे का? क्लासमध्ये सर म्हणतात जुन्या प्लेट्स (म्हणजे त्या पुस्तकांतली पानभर छापील चित्रं) कॉपी कर, हात बसेल. त्याचा खरंच उपयोग होतो का? आणि खंड्याच्या पाठीचा निळा माझ्याकडून कायम खडूसारखा पांढुरका येतो, त्याबद्दलही कुणी सांगितलं तर फार बरं होईल.

जुनी_पानं

चांगला धागा काढलात ताई. ऑड्युबॉनबद्दल आधी सांगतो. तो पक्षी मारायचा, आणि ताजा असतानाच त्याच्या अंगातून तारा घालून चौकोन आखलेल्या फळीवर हव्या त्या पोझमध्ये उभा करायचा, समोरच्या कागदावर तसेच चौकोन आखलेले असायचे त्यामुळे माप चुकायचं नाही. सगळे पक्षी खऱ्या आकाराचे काढायचे हा त्याचा हट्ट, म्हणून १८२७ ते १८३८ या काळात निघालेल्या त्याच्या 'बर्ड्स ऑफ अमेरिका'च्या ४३५ प्लेट्सचा कागद जवळजवळ एक मीटर उंच आहे. आणि एवढा मोठा कागद घेऊनही फ्लेमिंगो मावेना, म्हणून त्याची मान खाली वाकवलेली आहे, बघा ती प्लेट. ती वाकवलेली मान खोटी वाटत नाही कारण फ्लेमिंगो खातानाही तशीच मान खाली घालतो, आपण भिगवणला बघतोच की. म्हणजे पक्षी मेलेला, पण पोझ जिवंत पक्ष्याची, वर्षानुवर्षं जंगलात फिरून डोळ्यात भरलेली. काही प्लेट्समध्ये मात्र त्याने पक्ष्यांना इतकं पिळलंय की माझं मन अजून मानत नाही. आणि छापील चित्राचं निम्मं श्रेय लंडनच्या रॉबर्ट हॅवेलला द्यायला हवं, तांब्याच्या पत्र्यावरचं कोरीवकाम त्याचं, आणि छापल्यावर प्रत्येक प्रत हाताने रंगवलेली.

गूल्डची गोष्ट वेगळी आहे. १८३० ते ३२ मध्ये त्याचं हिमालयातल्या शंभर पक्ष्यांचं पुस्तक निघालं, त्यातले पक्षी दगडावर (लिथोग्राफीत दगडावरच्या चित्रावरूनच छापतात) काढले त्याच्या बायकोने, एलिझाबेथने. तिच्यासमोर होती ती लंडनला पोचलेली पक्ष्यांची वाळकी कातडी, तिने तेव्हा हिमालय पाहिलेला नव्हता. त्यामानाने तिने जे केलंय ते थोर आहे, तरी काही पक्षी ताठ वाटतात ते त्यामुळेच. आता त्याच दोन वर्षांत एडवर्ड लिअर काय करत होता बघा, वय अठरा-एकोणीस, लंडनच्या प्राणीसंग्रहालयात जाऊन जिवंत पोपट काढत होता, रखवालदार पोपट धरायचा आणि हा मापं घ्यायचा. लिअरचा पोपट आणि एलिझाबेथचा एखादा हिमालयातला पक्षी स्क्रीनवर शेजारी शेजारी लावा, तुमच्या प्रश्नाचं निम्मं उत्तर तिथेच मिळेल.

टेकडीवर_सकाळी

वरचा प्रतिसाद एक नंबर. मी फक्त फील्डवरचं सांगतो. फोटोत पक्षी एका सेकंदाच्या हजाराव्या भागात पकडलेला असतो, त्या क्षणी तो बसत होता, उठत होता की डुलकी घेत होता हे फोटो सांगत नाही, त्यात लांबच्या लेन्सने सगळं चपटं होतं, सावलीतला भाग काळा पडतो आणि आपण तो काळा तसाच कागदावर उतरवतो. त्यामुळे थोडे दिवस फोटो बाजूला ठेवा असं माझं स्पष्ट मत.

पाषाण तलावावर सकाळी लवकर जा आणि वंचक, म्हणजे तो छोटा मातकट बगळा, शोधा. काठावर मान खांद्यात घालून बसतो तो बसतोच, शिकणाऱ्यासाठी यासारखा पक्षी नाही. स्वस्तातली वही, २बी पेन्सिल, बास. आधी फक्त पाठीची तिरकी रेघ काढा, मग चोच त्या रेघेशी कुठला कोन करते ती रेघ, आणि मग पाय जमिनीला कुठे टेकलेत तिथे खूण. पावलं शरीराच्या वजनाखाली आली नाहीत तर पक्षी पडेल असा दिसतो, तुम्ही जे 'वजन टाकून बसलेला' म्हणताय ना ते इथे ठरतं, पिसांत नाही. पक्ष्याचा जो गुडघा उलटा वाकल्यासारखा दिसतो तो खरं तर घोटा आहे, खरा गुडघा वर पोटाच्या पिसांत लपलेला असतो, हे एकदा डोक्यात बसलं की पाय आपोआप सुधारतात.

दुसरा पक्षी वेडा राघू. तारेवरून उडतो, माशी पकडतो आणि फिरून बहुतेक त्याच जागी येतो. एका पानावर चार-पाच अर्धवट पोझ सुरू करायच्या, त्याने मान फिरवली की पहिली सोडून दुसरी घ्यायची, पुन्हा आधीसारखा बसला की पहिली पुढे न्यायची. एकही चित्र पूर्ण झालं नाही तरी चालेल, पण वही भरू दे. दुर्बीण हातात धरून चित्र काढणं कठीण जातं, ट्रायपॉडवरचा स्पॉटिंग स्कोप (एका डोळ्याने बघायची मोठी दुर्बीण) कुणाकडून मिळाला तर बघा, डोळा स्कोपला आणि हात कागदावर. स्वीडनचा लार्स योन्सन असंच काम करतो, समुद्रकिनाऱ्यावर बसून थेट वॉटरकलर, त्याच्या चित्रातली वाळूवरची उन्हं बघून घ्या एकदा.

फक्त विणीच्या दिवसांत घरट्याजवळ बसू नका, आणि सिंहगड व्हॅलीत फोटोवाल्यांनी गर्दी केलेली असेल तर तिथून सरळ पुढे निघून जा.

रंगपेटी

वरच्या दादांशी ऐंशी टक्के सहमत, पण नुसतं फील्डवर जाऊन भागत नाही हो. स्केच जिवंत येतं आणि घरी येऊन रंगवायला बसलं की पंखाची भाजी होते, कारण कुठलं पीस कुणावर येतं तेच माहीत नसतं. ब्रिटनच्या चार्ल्स टनिक्लिफची पद्धत मला सगळ्यात पटते. तो अँगल्सी बेटावर राहायचा, लोक त्याला मेलेले सापडलेले पक्षी आणून द्यायचे, तो मोजून मापून त्यांची खऱ्या आकाराची चित्रं करायचा, पंख उघडून, पावलं जवळून, सगळं. आणि बाहेर जाऊन जिवंत पक्ष्यांच्या स्केचवह्या भरायचा त्या वेगळ्या. चित्र करताना दोन्ही समोर. मेलेल्या पक्ष्याकडून रचना घ्यायची, बैठक जिवंताकडून.

म्हणून तुमचे सर म्हणतात ते चूक नाही. जुन्या प्लेट्स कॉपी करा पण पिसांचे गट शिकायला, पोझ उचलायला नाही. मिटलेला पंख नीट बघा, टर्शियल्स (अंगाजवळची पिसं) सगळ्यात वर, त्याखाली सेकंडरीज (पंखाच्या मधली), आणि प्रायमरीजची (पंखाच्या टोकाकडची लांब पिसं) फक्त टोकं मागे शेपटीकडे बाहेर आलेली, खांद्यावरून स्कॅप्युलर्सचा, म्हणजे खांद्याच्या पिसांचा, गट उतरतो तो पंखाचा वरचा काठ झाकतो. हे गट आधी मोठ्या ब्रशने सपाट रंगात मांडा, एकेक पीस शेवटी, तेही उजेड पडतो तिथेच. सगळीकडे सारखं बारीक काम केलं की डोळ्याला थांबायला जागा राहत नाही आणि पक्षी थिजतो. खंड्याची पावलंही जवळून बघा, पुढच्या बोटांतली बाहेरची दोन बरीचशी एकमेकांना जोडलेली असतात, फोटोत तारेमुळे ते कळत नाही आणि मग आपण चिमणीची पावलं काढून मोकळे होतो.

आता निळा. खंड्याच्या पाठीत निळं रंगद्रव्य नसतंच. पिसाच्या तंतूंमध्ये केराटिन (आपल्या नखांत असतं ते प्रथिन) आणि हवेच्या पोकळ्यांची अतिशय बारीक जाळी असते, ती निळा उजेड जास्त विखुरते म्हणून ते पीस निळं दिसतं. उन्हात पाठ पेटते आणि ढग आला की तीच पाठ मंद होते ती यामुळे. तुमचा निळा खडूसारखा होतोय म्हणजे बहुतेक त्यात पांढरा मिसळताय किंवा नुसता सेरुलियन जाड लावताय, तो मुळात अपारदर्शक रंग. थॅलो ब्लूमध्ये किंचित थॅलो ग्रीन, पातळ, एका दमात वॉश, आणि जिथे ऊन आहे तिथे कागद तसाच सोडा. पूर्ण वाळू द्या. मग सावलीच्या बाजूला अल्ट्रामरीनमध्ये थोडा बर्न्ट सिएना. डोक्याचा तपकिरी शेजारी नीट गडद आला की निळा आपोआप उठतो, त्याला आणखी निळा करायची गरज पडत नाही. कागद ३०० जीएसएम, कॉटनचा परवडला तर उत्तम, अप्पा बळवंत चौकात सुटे शीट मिळतात, अख्खं पॅड घ्यायची गरज नाही.

शिंजीराला (सनबर्ड) हात घालाल तेव्हा अजून मजा आहे. त्याची चकाकी कोनाप्रमाणे बदलते. गूल्डच्या हमिंगबर्डच्या प्लेट्समध्ये त्या चकाकीसाठी चक्क सोन्याचा वर्ख लावून वरून पारदर्शक रंग दिलेत. आपण ओल्या कागदावर जांभळा आणि हिरवा एकमेकांत शिरू द्यायचा आणि लगेच शेजारी जवळजवळ काळा, कडा धारदार.

दख्खनी_कलम

सगळं वाचलं, खूप शिकायला मिळालं, पण सगळा धागा लंडन-अमेरिकेत फिरतोय याचं वाईट वाटलं म्हणून लिहितो. ऑड्युबॉनच्या दोनशे वर्षं आधी जहांगीराच्या दरबारात उस्ताद मन्सूर बसून पक्षी काढत होता. १६१२ मध्ये मुकर्रबखान या दरबाऱ्याने गोव्याहून टर्की आणली, बादशहाने असा पक्षी कधी पाहिला नव्हता, त्याने लगेच चित्र काढायला सांगितलं आणि आठवणींत लिहूनही ठेवलं की याच्या डोक्याचा रंग सरड्यासारखा बदलतो. ते चित्र आज लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट म्युझियममध्ये आहे, गळ्याची लोंबती सुरकुतलेली कातडी झूम करून बघा. आणि त्याचा सायबेरियन क्रौंच, चेहऱ्याची उघडी लाल कातडी, पांढऱ्यावर पांढरी पिसं. युरोपात या पक्ष्याचं शास्त्रीय वर्णन पल्लास या निसर्गशास्त्रज्ञाने केलं १७७३ मध्ये, मन्सूर त्याच्या दीडशे वर्षं पुढे होता. तो क्रौंच २००२ नंतर भरतपूरलासुद्धा दिसलेला नाही, त्यामुळे ते चित्र बघताना माझ्या पोटात तुटतं.

मग कलकत्त्याला १७७७ पासून लेडी इंपेने, तिथल्या इंग्रज सरन्यायाधीशाच्या बायकोने, आपल्या बागेत पाळलेल्या पक्ष्यांची चित्रं करून घेतली, शेख झैनुद्दीन, भवानी दास, राम दास यांच्याकडून, तिघंही पाटण्याकडचे. कागद विलायती आणि हात मुघल कलमाचा. झैनुद्दीनचा पक्षी कोऱ्या पांढऱ्या कागदावर एका फांदीवर असतो, बाकी काही नाही, आणि त्या फांदीवरचं किडीने खाल्लेलं पानसुद्धा तितक्याच आस्थेने काढलेलं. ताई, कॉपी करायचीच असेल तर यांची करा. एका केसाच्या ब्रशने पीस कसं उचलतात ते आपल्याकडच्या हाताकडून शिकण्यात वेगळं समाधान आहे.

कोथरूडची_शाई

बाप रे, एवढं सगळं! मनापासून आभार सगळ्यांचे. पाषाणला जाऊन आले. वंचक खरंच हलत नाही, आणि मग एकदम उडाला तेव्हा तो मातकट पक्षी पांढराशुभ्र झाला, ते बघतच राहिले आणि पेन्सिल तशीच हातात. वहीत बरीच अर्धी-मुर्धी स्केचेस झालीत, त्यातलं एक फक्त सहा-सात रेघांचं आहे आणि माझ्या सगळ्या खंड्यांपेक्षा तेच बरं बसलंय. थॅलो ब्लू आणलाय, आज वॉश टाकते. अजून एक विचारायचं राहिलं, टनिक्लिफचं वाचून. आमच्या सोसायटीत काचेवर आपटून बुलबुल मरतात अधूनमधून, असा एखादा फ्रीजरमध्ये ठेवून अभ्यासाला वापरला तर चालतं का?

रंगपेटी

नाही, ते नको. आपल्याकडे १९७२ चा वन्यजीव संरक्षण कायदा आहे, मेलेला पक्षी किंवा त्याचे अवयव घरी ठेवता येत नाहीत, हेतू चांगला असला तरी. आहे तिथेच शेजारी पट्टी ठेवून वरून, बाजूने फोटो काढा, हात न लावता, आणि त्यावरून मापाचं चित्र करा. एरवी एखाद्या सुट्टीच्या दिवशी पहाटेची गाडी पकडून मुंबईला छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालय गाठा, तिथल्या नॅचरल हिस्टरी विभागात पेंढा भरलेले पक्षी काचेत आहेत, पंखांचे गट तिथे हवा तेवढा वेळ उभं राहून बघता येतात. आणि त्या काचांवर काहीतरी चिकटवायला सोसायटीला सांगा, बाहेरच्या बाजूने, ठिपके किंवा पट्ट्या जवळजवळ, एकटा घारीचा स्टिकर लावून उपयोग होत नाही.

टेकडीवर_सकाळी

त्या सहा-सात रेघांच्या स्केचचा फोटो टाका ना इथे. आणि हिवाळ्यात कवडीपाटला चक्रवाक येतात तेव्हा सांगा, सोलापूर रोडने सकाळी लवकर निघू, माझा स्कोप घेऊन येतो.