ग्वामचा खंड्या ग्वामवरच का सोडत नाहीत?

रानपाखरू: प्रशांत महासागरातल्या ग्वाम बेटावरचा 'सिहेक' हा खंड्या 1988 पासून निसर्गातून नाहीसा झालेला होता आणि 2024 मध्ये प्राणिसंग्रहालयांत जन्मलेली त्याची नऊ पाखरे पालमायरा या प्रवाळबेटावर सोडण्यात आली, असे वाचले. पक्षी ग्वामचा असताना, तो कधीच राहत नव्हता अशा दूरच्या बेटावर त्याला का नेले असावे? ग्वामचे जंगल तर अजून उभे आहे.

मातीचा वास: जंगल उभे आहे, पण त्यात साप आहे. तपकिरी वृक्षसर्प हा दुसऱ्या महायुद्धानंतर, बहुधा अ‍ॅडमिरल्टी बेटांवरून आलेल्या लष्करी सामानात लपून, ग्वामला पोहोचला. तिथे त्याआधी गांडुळाएवढा एक आंधळा साप तेवढा होता, त्यामुळे रात्री फांदीवर चढून घरट्यातली अंडी, पिल्ले आणि झोपलेले पक्षी गिळणाऱ्या शिकाऱ्यापासून बचाव करण्याची सवय तिथल्या पाखरांना लागलीच नव्हती. मूळच्या 12 वनपक्ष्यांपैकी 10 बेटावरून गेले. सुरुवातीला कीटकनाशके आणि रोगराई यांवर संशय होता. साप जसजसा पसरत गेला तसतसे पक्षी संपत गेले, हे संशोधक ज्युली सॅव्हिज यांनी 1987 मध्ये दाखवून दिले.

एरवी भक्ष्य संपत आले की शिकारीही घटतो. ग्वामवर मात्र पाली आणि सापसुरळ्या मुबलक असल्याने सापांची उपासमार झाली नाही आणि शेवटच्या पाखरापर्यंत त्यांची संख्या टिकून राहिली. आज सिहेक तिथे सोडणे म्हणजे त्याला सापाच्या तोंडी देणेच होय.

ओली वाट: 'जंगल उभे आहे' याबद्दल थोडे वेगळे मांडावेसे वाटते. फळे खाऊन बिया लांब नेणारे पक्षी गेल्यामुळे बिया आता झाडाखालीच पडून राहतात. पावसाळ्यात तर ग्वामच्या जंगलात शेजारच्या बेटांच्या तुलनेत 40 पटींपर्यंत कोळी आढळले आहेत. पायवाटेवर दर काही पावलांवर जाळे आणि वर पाखराचा आवाज नाही, ही अवस्था मला फार अस्वस्थ करते.

निळा किनारा: मूळ प्रश्नाचा उरलेला भाग पालमायराचा. तिथे साप नाहीत आणि 2011 मध्ये उंदीरही हटवले गेले. आज जिवंत असलेले सगळे सिहेक हे 1980 च्या दशकात पकडून वाचवलेल्या अवघ्या 29 पक्ष्यांचे वंशज आहेत, म्हणून पिंजऱ्याबाहेर त्यांचे एखादे सुरक्षित ठाणे असणे फार निकडीचे होते. हा खंड्या उडत येऊन कुजक्या खोडावर चोचीने आघात करतो आणि तसे करत करत घरट्याची ढोली कोरतो. ते कसब पिंजऱ्यात जन्मलेल्या पाखरांना निसर्गात जमेल का, हीही कसोटी होती. 2025 मध्ये त्यांनी तिथे अंडी घातली.

जवळचे बेट का नको, याचे उत्तर ग्वामच्याच 'कोको' या न उडणाऱ्या, पाणकोंबडीच्या कुळातल्या पक्ष्याच्या अनुभवात आहे. ग्वामजवळच्या रोटा आणि कोकोस बेटांवर त्याला वसवल्यामुळे 2019 मध्ये तो धोक्यातल्या प्रजातींच्या यादीतल्या 'निसर्गातून नामशेष' या वर्गातून बाहेर आला. पण ग्वामच्या किनाऱ्यासमोरच्या त्याच कोकोसवर 2020 मध्ये हा साप सापडला.

रानपाखरू: मनापासून आभार. साप कमी करण्याचा काही उपाय चालू आहे का?

निळा किनारा: आहे. या सापाला पॅरासिटामॉल बाधते, म्हणून प्रत्येकी 80 मिलिग्रॅम औषध भरलेले मेलेले उंदीर हेलिकॉप्टरमधून टाकतात आणि ते जमिनीवर न पडता झाडांच्या शेंड्यांत अडकावेत यासाठी त्यांना कागदी फिती जोडलेल्या असतात.