'ॲडल्ट कंटेम्पररी'ला मराठीत काय म्हणावं? (आणि पहिला क्रमांक, सलग आठवडे, गाजलेलं, वाजलेलं)

प्रश्न (विचारणारी: तळटीप): अमेरिकेच्या बिलबोर्ड या संगीतविषयक नियतकालिकाच्या 'ॲडल्ट कंटेम्पररी' क्रमवारीत 1996 साली पहिल्या क्रमांकावर आलेल्या गाण्यांची यादी मराठीत करायची आहे. मथळ्यात 'प्रौढ समकालीन गीते' चालेल का? 'एअरप्ले'ला काय म्हणावं?

कानसेन: 'प्रौढ समकालीन' नको. 'प्रौढ' म्हटलं की आपल्याला प्रौढ शिक्षण आठवतं, नाहीतर 'फक्त प्रौढांसाठी' ही सिनेमाची पाटी. इथे दोन्ही नाहीत. ही नभोवाणी केंद्रांची भाषा आहे. साधारण 25 ते 54 वयाचा श्रोता धरून चालणारी, कामाच्या जागी दिवसभर हलक्या आवाजात सुरू राहील अशी गाणी लावणारी केंद्रं म्हणजे 'ॲडल्ट कंटेम्पररी' केंद्रं. हिंदी मजकूर समोर ठेवून 'वयस्क' तर मुळीच लिहू नका. हिंदीत वयस्क म्हणजे सज्ञान, मराठीत वयस्क म्हणजे म्हातारपणाकडे झुकलेला. 'सज्ञान' हा कायद्याचा शब्द, अठरा वर्षं पूर्ण झालेल्याचा. तोही गाण्याला लागत नाही.

'समकालीन'चीही अडचण आहे. ज्ञानेश्वर आणि नामदेव समकालीन, म्हणजे कुणाचा तरी समकालीन. 'समकालीन साहित्य' असा सुटा वापर रुळला आहे खरा, पण इथे अर्थ 'चालू काळातलं, जुनी ध्वनिमुद्रिका नव्हे' एवढाच आहे.

रसाळ: मग 'सुगम संगीत' का नको? आकाशवाणीचाच शब्द आहे, आणि या क्रमवारीचं मूळ नाव 'ईझी लिसनिंग' होतं ना?

कानसेन: होतं. 17 जुलै 1961 च्या अंकात क्रमवारी सुरू झाली ती त्याच नावाने. पुढे 'मिडल-रोड', मग 'पॉप-स्टँडर्ड', 1965 मध्ये पुन्हा 'ईझी लिसनिंग', आणि 7 एप्रिल 1979 पासून 'ॲडल्ट कंटेम्पररी'. म्हणून 1968 च्या यादीवर 'ॲडल्ट कंटेम्पररी' लिहायचं तर 'त्या वेळचं नाव ईझी लिसनिंग' हे जोडावंच लागतं. 1996 पुरता हा घोळ नाही. मात्र त्याच वर्षी मार्चमध्ये 'ॲडल्ट टॉप 40' ही वेगळी क्रमवारी निघाली. दोन्ही याद्या एकमेकींत मिसळू देऊ नका.

शब्दशः पाहिलं तर 'सुगम' फार जवळ जातो. पण मराठी कानाला सुगम संगीत म्हणजे भावगीत, भक्तिगीत, गझल. पेटी-तबल्याची साथ लगेच ऐकू येते. सलीन डियॉनच्या गाण्याला सुगम संगीत म्हटलं की वाचक दुसऱ्याच घरात शिरतो. माझं मत: नाव 'ॲडल्ट कंटेम्पररी' असंच देवनागरीत ठेवा आणि पहिल्यांदा येईल तिथे अर्ध्या ओळीत फोड करा. 'एसी' असं आखडून लिहू नका, ते वातानुकूलन वाचलं जातं.

मात्रा: 'एअरप्ले'बद्दल. मराठीत रेडिओवर गाणं *लागतं*. ऐकणारा म्हणतो 'लागलंय', केंद्रावरचा म्हणतो 'लावलंय' किंवा 'वाजवलंय'. म्हणून 'रेडिओवर किती वेळा लागलं' ही सरळ रचना 'वायुप्रसारण'पेक्षा कितीतरी बरी. जिथे नामच हवं तिथे 'प्रसारण' घ्या.

आणि 'गाजलेली गाणी' असा मथळा दिला तर तो इथेच चुकतो. *गाजणं* लोकांत होतं, *वाजणं* केंद्रावर होतं. ही क्रमवारी वाजणं मोजते. 1993 च्या जुलैपासून ती मोजणी यंत्राने होते: केंद्राचं प्रसारण संगणक ऐकतो, ध्वनीवरून गाणं ओळखतो आणि दर वेळी एक नोंद करतो. त्याआधी केंद्रं स्वतःच कळवत, आणि कळवणारा नव्या गाण्याला झुकतं माप देऊ शकत असे. 'हॉट 100' ही बिलबोर्डची मुख्य क्रमवारी मात्र त्या काळी विक्री आणि प्रसारण दोन्ही धरत असे. म्हणून 1996 मध्ये सलीन डियॉनचं 'बिकॉज यू लव्हड् मी' हॉट 100 वर 6 आठवडे पहिलं आणि इथे 19 आठवडे. दोन्ही आकडे बरोबर आहेत. ही केंद्रं मोजकीच गाणी फिरवत ठेवतात आणि श्रोत्याच्या ओळखीचं झालेलं गाणं लवकर काढत नाहीत, त्यामुळे वरची जागा महिनोन्‌महिने अडून राहते. एरिक क्लॅप्टनचं 'चेंज द वर्ल्ड' त्याच वर्षी इथे 13 आठवडे वर होतं, हॉट 100 मध्ये ते पाचव्याच्या वर गेलं नाही.

तळटीप: 'सलग' की 'एकूण'?

मात्रा: माहीत असल्याशिवाय 'सलग' लिहू नका. 'आठवडे' एवढ्यावर वाचक सलगच धरतो, म्हणून खंड पडलेला असेल तर 'एकूण' हवंच. 2003 मध्ये अंकल क्रॅकर आणि डोबी ग्रे यांच्या 'ड्रिफ्ट अवे'ने एकूण 28 आठवडे पहिली जागा धरली, पण ती मध्ये सुटून परत मिळालेली होती. 'सलग 28' लिहिलं की धादांत चूक.

कानसेन: वर्षाचीही काळजी घ्या. 'वन स्वीट डे' हॉट 100 वर 2 डिसेंबर 1995 च्या अंकापासून 16 आठवडे पहिलं होतं: 5 आठवडे 1995 चे, 11 आठवडे 1996 चे. अशा गाण्याला दोन्ही वर्षांच्या यादीत जागा मिळते, आणि रकान्यात 16 लिहायचे की 11 हे आधी ठरवून डोक्यावर सांगावं लागतं. '1996 चं अव्वल गाणं' हा प्रयोगही टाळा. वर्षभराच्या बेरजेत पहिलं आलेलं गाणं एक असतं, त्या वर्षात पहिल्या क्रमांकावर पोचलेली गाणी अनेक. मराठीत षष्ठी दोन्हींना सारखीच लागते, म्हणून क्रियापद पूर्ण लिहा.

रसाळ: 'पायदान'? बिनाका गीतमालेमुळे सगळ्यांना कळेल.

कानसेन: कळेल, पण तो अमीन सयानींच्या कार्यक्रमाचा हिंदी शब्द आहे, आणि त्याचा ठसा फार पक्का. गीतमालेवर लिहिताना जरूर वापरा. इथे 'क्रमांक' पुरे. 'पटकावला'ही नको, त्याला निकालाच्या बातमीचा वास आहे. गाणं क्रमांकावर 'पोचतं' आणि 'टिकतं'.

तळटीप: मग मथळा असा करते: '1996 मध्ये बिलबोर्डच्या ॲडल्ट कंटेम्पररी क्रमवारीत पहिल्या क्रमांकावर पोचलेली गाणी'. खाली: 'कामाच्या वेळी ऐकल्या जाणाऱ्या सौम्य गाण्यांच्या रेडिओ केंद्रांवर कोणतं गाणं किती वेळा लागलं, यावरून ठरणारी साप्ताहिक क्रमवारी.' रकाने: अंकाची तारीख, गाणं, गायक, एकूण आठवडे.

मात्रा: 'एकूण आठवडे'पुढे '(1996 मधले)' घाला, म्हणजे पूर्ण.