मदत हवी आहे: होजियरला मराठीत काय म्हणायचं? (विणकर नको)

अनुवाद_अर्धवट
नमस्कार मंडळी, घाईत आहे म्हणून थेट विचारते. होजियर या इंग्रजी शब्दाला मराठी शब्द हवाय. होजियरी नाही, होजियर, माणूस. शब्दकोशात "मोजे विकणारा" दिलंय ते अजिबात बसत नाहीये. विणकर पण सुचवू नका, तो आधीच दुसऱ्यांसाठी वापरून झालाय. संध्याकाळी सहापर्यंत द्यायचंय, प्लीज.

बाबुराव_कळवा
मोजेवाला. झालं काम.

मुळशीकर
होजियरीवाला म्हणा की सरळ. आमच्या इथे दुकानावर पाटीच आहे, होजिअरी अँड कटलरी. त्यात बनियन, चड्ड्या, रुमाल, टिकल्या, पिना सगळं मिळतं. मोजे सोडून, ते शेजारच्या बुटाच्या दुकानात 😀

एक_वाचक
संदर्भ काय ते द्या ना ताई. वाक्य द्या. "शब्द सांगा" म्हणून धागा काढायचा आणि वाक्य लपवून ठेवायचं ही इथली जुनी खोड आहे.

सुईदोरा
मी गेली वीसेक वर्षं शिवणकाम घेते, आमच्याकडे होजियरी म्हणजे कापड. टीशर्टचं, ताणलं जाणारं. गिऱ्हाईक सांगतं "होजियरीचा गाऊन शिवून द्या", म्हणजे सुती पण लवचिक. साध्या सुईने शिवलं तर मध्ये मध्ये टाका सुटतो, बॉल पॉइंट सुई लावावी लागते आणि शिवताना कापड ओढायचं नाही, नाहीतर शिवण लाटेसारखी होते. पण ते बनवणाऱ्या माणसाला काय म्हणतात ते कधी ऐकलं नाही. तो तिकडे तमिळनाडूत तिरुपूरला असतो एवढंच माहीत.

अनुवाद_अर्धवट
@बाबुराव, @मुळशीकर: मोजेवाला, होजियरीवाला दोन्ही चालणार नाही, हे लोक दुकानदार नाहीयेत. श्रीमंत आहेत.
@एक_वाचक: संदर्भ इंग्लंडचा आहे, जुना.

मुळशीकर
म्हणजे मोजे विकणारा श्रीमंत असूच शकत नाही असं का? आमचे होजियरीवाले शेठ दर दोन वर्षांनी गाडी बदलतात.

बाबुराव_कळवा
होज म्हणजे पाइप पण असतो ना? होज पाइप. मग होजियर म्हणजे पाइपवाला? प्लंबर?

एक_वाचक
बाबुराव 🙏 होज म्हणजे पूर्वी पायात घालायचं घट्ट आवरण, आणि पाइपचं नाव त्याच शब्दावरून पडलं, लांब पोकळ नळीसारखं म्हणून. त्यामुळे तुम्ही चुकून बरोबर आहात पण उपयोग काही नाही.
ताई, वाक्य!

कोष्टीगल्ली
इचलकरंजीहून. वर कुणी म्हटलं नाही म्हणून सांगतो, विणकर नको हे ताईंनी योग्य केलं. विणकर म्हणजे ताणा-बाणा, धोटा, माग. उभे धागे ताणलेले, त्यातून आडवा धागा जातो. बनियन तसं नसतं. बनियन म्हणजे एकाच धाग्याचे फास, एकात एक अडकवत नेलेले. खात्री करायची तर जुन्या बनियनची खालची शिवण कापून टाका, कड आपोआप गुंडाळायला लागते. आमच्या पॉपलिनची कड कापा, तिथे सुटे धागे निघतील पण गुंडाळणार नाही. दोन्हीला मराठीत "विणणे" म्हणतात हीच खरी पंचाईत आहे. माझी आई स्वेटर विणते आणि मी चाळीस वर्षं कापड विणतो, दोघांचा एकमेकांच्या कामाशी काडीचा संबंध नाही.

सुईदोरा
+१. आणि गुजरातीत बघा दोन शब्द आहेत. आमच्या वरच्या मजल्यावरच्या भाभी स्वेटरला गूंथवु म्हणतात, कापडाला वणवु. आपल्याकडे गुंफणे आहे पण ते फुलांना.

बाबुराव_कळवा
मग गुंफकर म्हणा 😂

तिखटजाळ
सरकारी जीएसटीत पण वेगळं आहे, चॅप्टर ६१ विणलेले (सुईने) कपडे आणि चॅप्टर ६२ बाकीचे. मोजे ६११५, बनियन टीशर्ट ६१०९. माझ्या भाच्याने बनियनचा माल ६२ मध्ये टाकून बिलं केली आणि नंतर सगळी दुरुस्त करत बसला. कुणी होजियरीचा धंदा सुरू करत असेल तर आधी सीएला भेटा.

अनुवाद_अर्धवट
मी धंदा सुरू करत नाहीये 😭 अनुवाद करतेय. बरं, घ्या वाक्य. माझं मराठी देते कारण मूळ कॉपी करता येत नाहीये: "१८११ साली नॉटिंगहॅमच्या ____ नी मजुरी कमी केली, चौकटींचे भाडे मात्र तसेच ठेवले, तेव्हा चिडलेल्या साठेदारांनी रात्री घरात घुसून चौकटी फोडल्या." त्या रिकाम्या जागी होजियर्स. लुडाइट लोकांचं प्रकरण आहे. आधी मी होजियर्सना पण विणकर केलं होतं, मग पुढे एका पानावर विणकरांनी विणकरांचीच डोकी फोडायची धमकी दिली असं झालं, तेव्हा लक्षात आलं काहीतरी घोळ आहे.

लेस्टरकर
ताई, थांबा! होजियर बाजूला राहू द्या, आधी "साठेदार" कुठून आले? मूळ शब्द स्टॉकिंगर आहे का?

अनुवाद_अर्धवट
हो. स्टॉक म्हणजे साठा, स्टॉकिंगर म्हणजे साठा करणारे. का?

एक_वाचक
अगं बाई.

लेस्टरकर
स्टॉकिंग म्हणजे लांब मोजे. स्टॉकिंगर म्हणजे ते मोजे विणणारा कारागीर. तुमच्या वाक्यात गरीब बिचारा कारागीर साठेबाज झालाय. आणि चौकट म्हणजे फ्रेम असणार, ती फोटोची नाही, दाराची पण नाही. ती स्टॉकिंग फ्रेम, मोजे विणायचं यंत्र. नॉटिंगहॅमजवळच्या कॅल्व्हर्टन गावच्या विल्यम ली नावाच्या माणसाने १५८९ मध्ये काढलेलं.

मी लेस्टरला राहतो, हे शहर पण मोज्यांवरच वाढलं. नॉटिंगहॅमच्या दक्षिणेला रडिंग्टन गावात त्या कारागिरांचं संग्रहालय आहे, मुलांना घेऊन गेलो होतो. फ्रेम म्हणजे लाकडी सांगाडा, त्यात लोखंडी सुया ओळीने, पुढे बाकडं, त्यावर बसून हातापायांनी चालवायची. उजेड हवा म्हणून खोलीला या टोकापासून त्या टोकापर्यंत खिडकी. एक फ्रेम चालवून दाखवली तर आमची धाकटी कानावर हात ठेवून बाहेर पळाली. एका खोलीत अशा कितीतरी चालायच्या.

आता होजियर. तो स्वतः विणत नाही. सूत त्याचं, बहुतेक वेळा फ्रेमही त्याची. कारागीर सूत नेतो, मोजे विणून आणतो, डझनावर मजुरी मिळते, आणि त्या मजुरीतून फ्रेमचं भाडं कापलं जातं. काम अर्धंच मिळालं तरी भाडं पूर्ण. म्हणून भांडण. तुमचं वाक्य आता परत वाचा.

कोष्टीगल्ली
हे तर आमच्या इचलकरंजीसारखंच झालं. व्यापारी सूत देतो, खर्चीवाला यंत्रमागधारक विणून देतो, पिकावर, म्हणजे आडव्या धाग्यांच्या मोजणीवर मजुरी. मजुरी वाढवून मागितली की मंदी आहे म्हणायचं. होजियरला सरळ "व्यापारी" म्हणा ताई.

लेस्टरकर
जवळजवळ. पण तुमच्याकडे माग खर्चीवाल्याचा स्वतःचा असतो ना साहेब? इथे यंत्र मालकाचं होतं आणि कारागिराच्या घरात होतं. हा फरक मोठा आहे.

बाबुराव_कळवा
म्हणजे रिक्षासारखं. रिक्षा मालकाची, आपण शिफ्टवर, भाडं मिळो न मिळो मालकाचे पैसे संध्याकाळी ठेवायचेच. मी सहा वर्षं चालवली आहे, मला सांगू नका.

लेस्टरकर
बाबुराव, आज पहिल्यांदा तुम्ही धाग्याचं काम केलंत. अगदी तसंच.

मुळशीकर
पण मग काचा मालकाच्या रिक्षेच्या फोडायच्या, स्वतःच्या घरात घुसून? पटत नाही. आणि ते लुडाइट यंत्राच्या विरोधात होते ना, नवीन तंत्रज्ञान नको म्हणणारे? आमच्या ऑफिसात जो एआय वापरत नाही त्याला लुडाइट म्हणतात.

लेस्टरकर
यंत्र नवीन नव्हतंच हो. १५८९ ते १८११, दोनशे वीस वर्षं होऊन गेली होती. यांचे आजे-पणजे त्याच यंत्रावर विणायचे. राग होता तो मजुरी पाडणाऱ्या होजियरवर, आणि रुंद कापड विणून, ते कापून-शिवून हलके मोजे बनवण्यावर. ते लवकर उसवायचे आणि सगळ्या धंद्याचं नाव खराब व्हायचं. घरात घुसायचे ते दुसऱ्यांच्या, कमी मजुरीचं काम घेणाऱ्यांच्या. योग्य मजुरी देणाऱ्या होजियरची फ्रेम सोडून द्यायचे. १८१२ मध्ये सरकारने फ्रेम फोडणाऱ्याला फाशीचा कायदा केला. लॉर्ड बायरन हा कवी त्याविरुद्ध सरदारांच्या सभागृहात बोलला होता, त्याचं तिथलं पहिलंच भाषण. फ्रेमभाडं कापणं कायद्याने बंद व्हायला मात्र १८७४ उजाडलं.

सुईदोरा
कापून शिवलेले मोजे म्हणजे बाजूने शिवण आणि पायाला टोचणार. बरोबरच आहे त्यांचं.

एक_वाचक
एक गंमत. आपण ज्याला गंजीफ्रॉक म्हणतो तो गर्न्सी फ्रॉक, गर्न्सी या बेटावरच्या विणलेल्या सदऱ्यावरून आलेला शब्द. जर्सी पण शेजारच्याच बेटाचं नाव. माझे आजोबा शेवटपर्यंत गंजीफ्रॉक म्हणायचे, बनियन म्हटलं की त्यांना ते गुजराती वाटायचं.

तिखटजाळ
तिरुपूरवरून बनियन होलसेल कुठे मिळतील? कमीत कमी किती पीस घ्यावे लागतात?

एक_वाचक
नवीन धागा काढा.

अनुवाद_अर्धवट
मला दोन मिनिटं द्या, मी बारा पानांत "साठेदार" शोधतेय. एकतीस वेळा आलंय. "चौकट" तर मोजायची हिंमत नाही. एके ठिकाणी "तो चौकटीसमोर दिवसाचे चौदा तास बसे" असं लिहून मी स्वतःवर खूश झाले होते, वाटलं काय उदास प्रतिमा आहे.

@लेस्टरकर: खूप आभार. पण शब्दकोशात मोजे विकणारा का दिलंय मग?

लेस्टरकर
कारण तेही खरंच आहे. लंडनमध्ये होजियर म्हणजे दुकानदार. विल्यम ब्लेक कवीचे वडील सोहोत होजियर होते, मोजे-हातमोजे विकायचे. नॉटिंगहॅम-लेस्टरकडे तोच शब्द माल करवून घेणाऱ्या पेढीवाल्याला. आणि हा पेढीवाला आणि कारागीर यांच्या मधे फिरणारा बॅग होजियर, तो आणखी वेगळा. थैलीत सूत घालून खेड्यापाड्यात वाटायचा, माल गोळा करायचा, मधल्या मधे कापून घ्यायचा. तुमच्या पुढच्या पानांत तो येणारच.

भारतात शब्द आला आणि मोजे मागे पडले. तिरुपूरच्या कारखानदारांच्या जुन्या संघटनेच्या नावात होजियरी आहे, माल सगळा बनियन आणि टीशर्ट. म्हणून मुळशीकरांच्या दुकानात मोजे मिळत नाहीत.

मुळशीकर
मिळाला एकदाचा न्याय.

अनुवाद_अर्धवट
बॅग होजियर आलाय. मी "पिशवीवाला" केलंय 🤦‍♀️

कोष्टीगल्ली
त्याला दलाल म्हणा. किंवा अडत्या. आणि फ्रेमला काय म्हणताय?

अनुवाद_अर्धवट
मोजेमाग? हातमाग, यंत्रमाग, तसं मोजेमाग.

कोष्टीगल्ली
माग म्हटला की ताणा-बाणा आलाच पाहिजे. वर एवढं लिहिलं ते कशासाठी? विणयंत्र म्हणा.

सुईदोरा
विणयंत्र म्हटलं की घरगुती स्वेटरचं मशीन डोळ्यासमोर येतं हो काका, ऐंशीच्या दशकात सगळ्यांनी घेतलं होतं आणि मग माळ्यावर टाकलं. मोजेमाग ऐकायला छान आहे.

कोष्टीगल्ली
ऐकायला छान आहे म्हणून चुकीचं लिहायचं?

एक_वाचक
पहिल्यांदा येईल तिथे एका वाक्यात सांगून टाका की हा धोट्याचा माग नव्हे, सुयांचं यंत्र आहे. वाचक मूर्ख नसतो. होजियरचं पण तेच करा, एकदा "मोजेपेढीचे मालक, ज्यांना तिकडे होजियर म्हणत" लिहा, पुढे पेढीवाले.

अनुवाद_अर्धवट
हे बसतंय. बघा: "१८११ साली नॉटिंगहॅमच्या मोजेपेढीवाल्यांनी मजुरी कमी केली, मोजेमागांचे भाडे मात्र तसेच ठेवले, तेव्हा चिडलेल्या मोजेकारागिरांनी रात्री घरात घुसून माग फोडले."

लेस्टरकर
"रात्री घरात घुसून" च्या आधी "कमी मजुरीत काम घेणाऱ्यांच्या" टाका. नाहीतर मुळशीकरांचा प्रश्न परत येईल.

कोष्टीगल्ली
मोजेमाग बद्दल माझा निषेध नोंदवून घ्या.

अनुवाद_अर्धवट
नोंदवला काका. पावणेसहा झालेत, तीस ठिकाणी बदलायचं बाकी आहे. संपादकांनी आधीचे तीन भाग छापायला पाठवलेत का ते विचारायची हिंमत होत नाहीये, त्यात पण चौकटी आहेत.

तिखटजाळ
तिरुपूरचं कुणीच सांगितलं नाही.