रास्त भाव, हमीभाव की परवडणारा भाव?

प्रश्न : कांदा-टोमॅटोच्या भावांवर माझं संशोधन चालू आहे. ग्राहकाच्या रुपयातले किती पैसे शेतकऱ्यापर्यंत पोचतात, आणि ही वाटणी न्याय्य कशी होईल, हा विषय. नाशिक जिल्ह्यातल्या शेतकऱ्यांसाठी प्रश्नावली तयार करते आहे. 'तुम्हाला रास्त भाव मिळतो का?' असं विचारलेलं चालेल, की 'हमीभाव' म्हणू?

उत्तर : 'हमीभाव' अजिबात नको. तो शब्द किमान आधारभूत किमतीसाठी रुळलेला आहे. केंद्र सरकार ती २२ पिकांना जाहीर करतं, त्यांत कांदाही नाही आणि टोमॅटोही नाही. सोयाबीन किंवा तूर असती तर गोष्ट वेगळी. तिथेही खरेदी केंद्र वेळेवर सुरू झालं नाही की माल त्या भावाखालीच विकला जातो, म्हणून लेखनात 'आधारभूत किंमत' हाच शब्द प्रामाणिक वाटतो.

'रास्त'ची अडचण निराळी. मूळ फारसी शब्द, अर्थ सरळ, योग्य. पण योग्य कोणासाठी? रेशनच्या दुकानावर 'रास्त भाव दुकान' अशी पाटी असते, तिथे रास्त म्हणजे घेणाऱ्याला स्वस्त. शरद जोशींच्या शेतकरी संघटनेने 'शेतीमालाला रास्त भाव' मागितला, तेव्हा उत्पादन खर्च भरून निघेल असा भाव अभिप्रेत होता. शब्द तोच, बाजू उलट. उसाच्या एफआरपीला (कारखान्याने उसासाठी द्यायच्या किमान दराला) सरकारी मराठीत 'रास्त आणि किफायतशीर दर' म्हणतात. एकट्या 'रास्त'वर तिथेही भागलेलं नाही. तुमच्या प्रश्नाला कोणी 'हो' म्हणालं, तर ते कोणत्या अर्थाने हे तुम्हाला कळणारच नाही.

शेतकरी स्वतः म्हणतो, 'परवडलं नाही', 'खर्चसुद्धा निघाला नाही', 'पदरात काय पडलं?' प्रश्न याच शब्दांत विचारा : 'खर्च निघून चार पैसे उरले का?'

आणखी एक उत्तर : वरच्याशी सहमत. भर एवढीच, की 'भाव' आणि 'पदरात पडलेले पैसे' वेगळे ठेवा. बाजार समितीच्या पत्रकात किमान, कमाल आणि सर्वसाधारण असे तीन दर छापतात. विचारल्यावर माणूस बहुधा लिलावात पुकारलेला भाव सांगतो. त्यापेक्षा हिशेबपट्टी, म्हणजे विक्रीनंतर मिळणारी हिशेबाची पावती, दाखवायला सांगा. तिच्यावर वजन, दर, हमाली-तोलाई-वाराईची (माल उतरवण्या-तोलण्याच्या मजुरीची) कपात असेल तर ती, आणि शेवटी निव्वळ रक्कम दिसते. या कपातीवरून २०२४ मध्ये नाशिक जिल्ह्यात लिलाव बंद पडले होते, इतका तो जिव्हाळ्याचा मामला आहे.

रुपयातल्या हिश्श्यासाठी 'वाटा' उत्तम. रिझर्व्ह बँकेने २०२४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात (कृषी अर्थतज्ज्ञ अशोक गुलाटी सहलेखक) शेतकऱ्याचा वाटा टोमॅटोत सुमारे ३३, कांद्यात ३६ आणि बटाट्यात ३७ टक्के निघाला. तुमचे आकडे त्यांच्याशी ताडून बघायचे असतील, तर गाडीभाडं वेगळं विचारा. शेतकऱ्याने ते स्वतः भरलं असेल, तर पट्टीवर येत नाही.