देउडा बघायला कुठे जावं? (सुदूरपश्चिम नेपाळ) सल्ला हवा

रानजाई:
आमच्या सोसायटीचे वॉचमनदादा नेपाळच्या अछाम जिल्ह्यातले. रात्रपाळीला मोबाईलवर गाणी लावून बसतात. त्यातला एक प्रकार फार आवडला. वाद्य नाही, नुसते गळे. पुरुषांचा घोळका काहीतरी म्हणतो आणि बायका फाडकन उत्तर देतात. दादा म्हणाले, "हा देउडा, ताई. गौराच्या सणाला आमच्याकडे रात्रभर चालतो."
मी आणि नवरा, दोघंही पन्नाशीतले, या गौराला जायचं म्हणतोय. काठमांडूत भागेल की थेट तिकडचे डोंगर गाठावेत? आणि तोवर ऐकायला काय?

चहाबाज:
काठमांडूच करा. तिथे दोहोरी साँझवाली हॉटेलं आहेत. जेवता जेवता सवाल-जवाब, मादल (छोटा ढोल), नाच, सगळं एका छपराखाली. त्यासाठी घाट कशाला चढायचे?

उंबरठा:
चहाबाज, ती दोहोरी. तिचं माहेर गंडकीकडचे डोंगर, आणि तिला मादल लागतो. देउडा सुदूरपश्चिम आणि कर्णाली या प्रांतांचा: डोटी, अछाम, बझांग, बाजुरा, बैतडी हे त्याचे जिल्हे. हॉटेलात तो बघू नयेच असं माझं स्पष्ट मत.
कामानिमित्त तिकडच्याच धनगढीला असताना जवळून पाहिलाय. हातात हात गुंफून मोठं रिंगण धरतात, एक बाजू पुरुषांची, एक बायकांची. पाय आत टाकायचा, गुडघ्यात जरा वाकायचं, पुन्हा मागे. चाल इतकी संथ की नवख्याला वाटतं, यात बघायचं काय? सगळी गंमत शब्दांत. कडवं दोन ओळींचं, ओळीत 14 अक्षरं. पहिली ओळ बहुतेकदा नदी, डोंगर, पीक असं काहीतरी, निव्वळ यमक जुळवायला. टोला दुसऱ्या ओळीत. उत्तर उभ्या उभ्या रचायचं. आपल्या बाजूचे लोक ओळ घोळवत असतात तेवढाच काय तो विचाराला वेळ. अडखळलात की समोरून हशा. प्रेम, टिंगल, महागाई, पुढाऱ्यांचा उद्धार, काहीही चालतं. आणि हो, मुंबई! तिकडचे कितीतरी पुरुष मुंबई-पुण्यात कामाला, त्यामुळे घरी न फिरकणाऱ्या नवऱ्यांना टोमणे ठरलेलेच.
काठमांडूतच राहायचं असेल तर गौराला टुंडीखेलच्या मैदानावर जा. सुदूरपश्चिमची मंडळी तिथे जमतात आणि रिंगण धरतात. पण झेपणार असेल तर डोटीतलं सिलगढी, शैलेश्वरीच्या देवळाच्या परिसरात.
ऐकायला देउडा गायक नंदकृष्ण जोशी यांच्यापासून सुरुवात करा. मात्र रेकॉर्ड केलेल्या देउड्यात वाद्यं घालतात, ते डोक्यात ठेवून ऐका.

माजघर:
रस्त्याचं मी सांगते. दिल्लीहून रेल्वेने टनकपूर, बनबसाला सीमा, पलीकडे महेंद्रनगर. पासपोर्ट किंवा मतदार ओळखपत्र जवळ हवं, आधारवर विसंबू नका. पुढे अत्तरिया, डडेलधुरा, मग डोटी. ऐन पावसाळा असतो, दरडी कोसळतात. रात्रीची जीप अजिबात नको, आणि परतीच्या तिकिटाआधी दोनेक दिवस मोकळे सोडा.

रानजाई:
सगळ्यांचे आभार! पण गौरा आपल्या गौरींच्याच दिवसांत येतो का? आमच्याकडे उभ्याच्या गौरी असतात, तेव्हा घर सोडणं शक्य नाही.

उंबरठा:
तिथेच गोची आहे. कधी तो भाद्रपद शुद्ध सप्तमी-अष्टमीला येतो, म्हणजे तुमच्या गौरींशी टक्कर. कधी वद्यात, म्हणजे जन्माष्टमीच्या सुमारास. कारण तिकडचा महिना पौर्णिमेला संपतो, त्यामुळे त्यांचा भाद्रपद वद्य तो आपला श्रावण वद्य. अगस्तीचा तारा कधी उगवतो त्यावर ठरवतात. आपल्या कॅलेंडरवर जाऊ नका, दादांनाच विचारा. जमलं तर पंचमीलाच पोचा. त्या दिवशी बायका तांब्याच्या भांड्यात गहू, उडीद, कुळीथ अशी पाच धान्यं भिजत घालतात, त्याला बिरुडा म्हणतात. नंतर शेतातल्या रोपांची गौरा बांधतात. हे सगळं बघून रिंगणात गेलात तर गाण्यातल्या निम्म्या गोष्टी आपोआप कळतील.

खडीसाखर:
एक सुचवू? दादांना सोसायटीकडून पगारी सुट्टी मिळवून द्या आणि त्यांच्याबरोबरच जा. रजा नाही म्हणून या लोकांचा गौरा वर्षानुवर्षं चुकतो. शिवाय बोली डोट्याली-अछामी; काठमांडूचा गाइड घेतलात तरी अर्धं त्याच्याही डोक्यावरून जाईल.
बाकी, रिंगणात बोलावलं तर लाजू नका, बायकांच्या बाजूला शिरा. शूटिंग मात्र विचारून. टोमणे गावातल्याच कुणालातरी मारलेले असतात.

रानजाई:
दादांना विचारलं. यंदा वद्यात आहे म्हणाले, त्यामुळे गौरींचा प्रश्न मिटला. सुट्टीचा विषय रविवारच्या मीटिंगला मांडते. सेक्रेटरी कुरकुरतील, बघून घेऊ. टुंडीखेल रद्द, सिलगढी पक्कं. माजघर, डडेलधुऱ्याला मुक्कामाची सोय बरी आहे का?

माजघर:
साधी लॉजं मिळतात. गरम पाणी मागून घ्यावं लागतं.