घाटमाथ्यावरचं धरण, माहितगार माणसासोबत : तुमचे अनुभव

वाशिष्ठीकाठ :
परवा बातम्यांत कोयनेचे सहाही दरवाजे उचलल्याचं दाखवलं आणि मला एकदम अलोऱ्याचे काका आठवले. बाबांचे मित्र, सगळी नोकरी प्रकल्पावर, अलोऱ्याच्या कॉलनीत क्वार्टर. मी दहावीची परीक्षा देऊन बसले होते, तेव्हा ते म्हणाले या पोरांना धरण एकदा नीट दाखवू, नुसतं बागेत खेळून परत येतात सगळे. मग बाबांनी ट्रॅक्स ठरवली, आम्ही चुलत-मावस मिळून गाडीभर पोरं, आईने घावने आणि लसणीची चटणी बांधून दिलेली.

काकांनी थेट धरणावर नेलंच नाही. शिरगाव सोडल्यावर पोफळीजवळ गाडी बाजूला घ्यायला लावली आणि समोरच्या डोंगराकडे हात करून म्हणाले, वरती अडवलेलं पाणी आत्ता या डोंगराच्या पोटातून बोगद्याने खाली येतंय, वीजघर पण आतच आहे, बाहेरून तुम्हाला काही दिसायचं नाही. तिथून सुटलेलं पाणी कोळकेवाडीच्या धरणात, तिथे पुन्हा त्याच पाण्यावर वीज, आणि मग ते अवजल, म्हणजे वीज करून सोडलेलं पाणी, वाशिष्ठीत. मी चिपळूणची, नदीकाठची, आणि ऐन मे महिन्यात आमच्या नदीला पाणी कुठून येतं हे मला त्या दिवशी कळलं. कोयना खरी कराडला जाऊन कृष्णेला मिळणारी, म्हणजे पूर्वेच्या समुद्राची. तिचं एवढं पाणी डोंगर फोडून आपल्या खाडीला आणलंय. कृष्णेच्या पाणीवाटपाच्या लवादाने पश्चिमेला वळवायला ६७.५ टीएमसीची (टीएमसी म्हणजे अब्ज घनफूट) मर्यादा घातली आहे आणि धरणाची एकूण साठवण १०५ टीएमसीच्या आसपास, यावरून अंदाज करा किती पाणी इकडे उतरतं ते.

मग कुंभार्ली घाट चढून हेळवाक, आणि धरण. १०३ मीटर उंच, ८०० मीटरहून लांब. काकांनी ते आकडे घडाघडा सांगितले पण मला त्याहून जास्त लक्षात राहिलं ते पुढचं. शिवसागराकडे, म्हणजे धरणाच्या जलाशयाकडे बघत ते पाण्याखाली गेलेल्या गावांची नावं घ्यायला लागले. त्यांच्याबरोबर कामाला असलेल्या माणसांची गावं होती ती. स्वतःचं गाव बुडणार आणि तेच धरण बांधायला आपण रोजावर, अशी माणसं होती म्हणाले. काका आता नाहीत. तुमच्यापैकी कोणी असं स्वतःची गाडी करून, ठाऊक असलेला माणूस सोबत घेऊन धरण बघायला गेलं असेल तर लिहा ना. कोयनाच हवी असं नाही.

दाभोळखाडी :
छान लिहिलंयस ताई. आमच्याकडे लाईट गेली की आजोबा म्हणायचे पोफळी बंद पडली वाटतं. पोफळी म्हणजे काय ते मला खूप वर्षं माहीत नव्हतं.

खेडची लेक :
आम्ही दुसऱ्या बाजूने गेलो. खेडहून खोपी, मग रघुवीर घाट, आणि वर गेलं की एकदम सातारा जिल्हा, कांदाटी खोरं. शिंदी गावातला एक मुलगा आमच्या शेजारच्या दुकानात कामाला होता त्यालाच घेतलं सोबत, त्याने जीपवाला पण ठरवून दिला. त्याच्यासारखा वाटाड्या मिळणार नाही, प्रत्येक वळणावर कोणाची गाडी कधी अडकली ते सांगत होता. शिवसागर भरला आणि या गावांचा आपल्याच तालुक्याशी रस्ता तुटला, त्यामुळे बाजार म्हणा दवाखाना म्हणा सगळं खाली खेडलाच. जिल्हा सातारा, महाबळेश्वर तालुका, आणि पोरं नोकरीला खेड नाहीतर मुंबई. आम्ही अकल्प्याहून लाँचने पलीकडे तापोळ्याला गेलो. लाँचमध्ये आमच्याबरोबर एक आजी, एक शेळी आणि गॅसचा सिलेंडर होता. आम्ही सहलीला निघालेलो आणि त्यांचा तो रोजचा रस्ता. तो मुलगा म्हणाला, पावसात घाटात दरड आली आणि वारं सुटून लाँच बंद झाली की आम्ही मधेच. जाल तर पावसाळा संपल्यावर जा, ऑक्टोबर-नोव्हेंबरात पाणी पण भरपूर असतं आणि रस्ता पण बरा.

गुहागरकर :
कुंभार्लीत रस्ता कसाय आता? शनिवारी कराडला लग्नाला जायचंय, सोबत म्हातारी माणसं आहेत

देवरुखी :
@गुहागरकर सकाळी लवकर निघा, दुपारनंतर धुकं उतरतं, पुढची गाडी दिसत नाही. आणि वर चहाला थांबलात तर पिशव्या गाडीतच ठेवा, माकडं हातातून नेतात.

जुना चिपळूणकर :
मी वयाने मोठा असेन इथल्या बहुतेकांपेक्षा म्हणून भूकंपाचं लिहितो. ११ डिसेंबर १९६७, पहाटे सव्वाचारच्या पुढे. मी शाळेत होतो, आमच्या घरातली फडताळातली तांब्यापितळेची भांडी सगळी खाली आली, आईने आम्हाला ओढत अंगणात काढलं आणि थंडीत उजाडेपर्यंत सगळी आळी बाहेर. कोयनानगर तर जमीनदोस्त, दीडशेच्या वर माणसं गेली. त्यानंतर कित्येक दिवस चिपळुणात एकच धास्ती, धरणाला काय झालं असेल. धरणाला तडे गेले होते पण ते उभं राहिलं, नंतर त्याला मागून आधार देऊन मजबूत केलं, सांडव्याचं, म्हणजे जादा पाणी सोडायच्या भागाचं काम तर २००६ च्या सुमाराला झालं. आता निवृत्त झाल्यावर मुलाने हौसेने गाडी करून दिली आणि पाटणचे एक निवृत्त भूगोलाचे शिक्षक सोबत घेतले. त्यांनी दुरूनच दाखवलं कुठून कुठपर्यंत जोड दिलाय ते, धरणाच्या खालच्या अंगाने बघितलं की कळतं. धरणात पाणी साठल्यामुळे भूकंप होतात याचं जगभर शिकवलं जाणारं उदाहरण म्हणजे आपलं कोयना. तिथे गोठण्याला तीन किलोमीटर खोल भोक पाडून अभ्यास केला आहे, त्याची प्रयोगशाळा कराडला आहे. त्या गुरुजींना मी विचारलं, तुम्ही इथे राहता, भीती वाटत नाही का. ते म्हणाले लहान धक्के येतातच, आम्ही भांडी खालच्या फळीवर ठेवतो.

वाशिष्ठीकाठ :
@जुना चिपळूणकर काका, हे आणखी सविस्तर लिहा ना कधीतरी, तेव्हाच्या चिपळूणबद्दल. माझ्या आजीकडून अर्धवटच ऐकलंय.

आंबा कातळ :
इंजिनिअर आहे म्हणून माझं जरा वेगळं. आमच्या सरांच्या ओळखीने एका निवृत्त अभियंत्यांनी आम्हाला नवजाच्या बाजूला नेलं होतं. कोयनेच्या वीजप्रकल्पाच्या चौथ्या टप्प्यासाठी तलावाला खालून भोक पाडलंय ते सांगायला. कसं केलं असेल सांगा, धरण रिकामं न करता? बोगदा खालून तळ्याच्या तळापर्यंत खोदत न्यायचा, शेवटी खडकाचा एक जाड थर ठेवायचा आणि मग तो सुरुंगाने एकदम उडवायचा. १३ मार्च १९९९ ला केलं, आशियात तसं पहिल्यांदाच, नॉर्वेवाल्यांचं तंत्र. नंतर २०१२ च्या एप्रिलमध्ये परत एकदा. ते सर सांगत होते की त्या दिवशी पाण्यावर फक्त थोडा फुगवटा आला, बघायला जमलेल्या लोकांना वाटलं एवढंच? आणि सांगताना त्यांचा आवाज अजून चढत होता. चौथा टप्पा एकटा १००० मेगावॅटचा. आपण संध्याकाळी सगळे एकदम फ्रीज-पंखे-टीव्ही लावतो तेव्हा ही वीज लगेच चालू करता येते, कोळशाच्या केंद्राला तेवढ्या लवकर जमत नाही. आत वीजघरात मात्र आता परवानगीशिवाय सोडत नाहीत, फोटो तर नाहीच.

मसाला डबा :
विषय सोडून विचारते, घावने प्रवासात चिवट होत नाहीत का? आमच्याकडे दुपारपर्यंत चामडं होतं

वाशिष्ठीकाठ :
@मसाला डबा केळीच्या पानात गुंडाळून, वर ओलसर फडकं. आणि पीठ जुन्या तांदळाचं नको.

बांदेकरीण :
आमच्या तिलारीक कोणच इलेला नाय वाटता. दोडामार्गाक येवा. धरणाचा पाणी गोव्याक पण जाता. माझ्या मामान आमका नेल्यान, तेचा आयुष्य तिकडेच गेला, वाटेर हत्तीचे पाय उमटलेले दाखवल्यान आणि म्हणालो आता कोणी मोठ्यान बोलूचा नाय. पोरा एकदम गप्प. धरणापेक्षा तेंका हत्तीच लक्षात रवले.

कणकवली कट्टा :
बांदेकरीण, हत्तींनी केळी-माडांचं केलेलं नुकसान पण बघा तिकडे, लोक खरंच वैतागलेत. बाकी आम्ही फोंडा घाटाने दाजीपूर करून राधानगरीला जातो. तिथले सात स्वयंचलित दरवाजे बघायला जुलैअखेर जा. तलाव भरला की माणसाने हात न लावता आपोआप उघडतात, पातळी उतरली की आपोआप बंद. शाहू महाराजांनी सुरू केलेलं धरण. आम्हाला दाजीपूरचा एक धनगर वाटाड्या मिळाला होता, त्याने दोन डोंगरांपलीकडचा गवा दाखवला, आम्हाला दुर्बिणीतून दिसेना आणि तो नुसत्या डोळ्यांनी कळपातली वासरं सांगत होता.

दरडीखाली :
सगळ्यांचं वाचतोय. मला धरण बघायला जायचं म्हटलं की तिवरेच डोळ्यासमोर येतं, धरण फुटलं ती २ जुलै २०१९ ची रात्र. मी मदतीला गेलो होतो दुसऱ्या दिवशी. त्यानंतर सहल म्हणून नाही जावंसं वाटलं. तुम्ही लिहा, वाईट वाटून घेऊ नका.

देवरुखी :
@दरडीखाली दादा, जपा. ते विसरण्यासारखं नाहीच.

पेण अलीकडे :
मी उशिरा लिहितेय, पोराला झोपवून बसले. माझ्या सासरची आजी, म्हणजे नवऱ्याची आजी, कोयनेत बुडालेल्या गावची. आमचं गाव रायगडात, पण गावातले निम्मे लोक तिकडून आलेले, पुनर्वसनातले. डोंगरातली माणसं, नाचणी-वरीची शेती करणारी, आणि दिली खाडीकडची जमीन. आजीचं कागदपत्रांचं काम अजून नातू करतोय, तेवढी वर्षं झाली.

आजी म्हणाली मला एकदा पाणी बघायचंय. मग आम्ही तवेरा केली, मे महिना, कारण तेव्हा पाणी उतरलेलं असतं. तापोळ्याला लाँचवाल्याने सांगितलं इकडे मंदिर दाखवतो तिकडे संगम दाखवतो, ठरलेलं असतं त्यांचं. आजीने पाच मिनिटं ऐकून घेतलं आणि मग त्याला म्हणाली, बाळा, जरा डावीकडं घे, त्या सोंडेच्या मागं. तो म्हणाला आजी तिथं काय नाही. ती म्हणाली घे तर. आणि पुढचा सगळा वेळ तीच वाटाड्या. इथे आमची खळी. इथून वर गेलं की माळावर जनावरं. तिथून माहेरी जायची वाट, नदी ओलांडून, माहेर पण गेलंय. काठाला एका ठिकाणी चौथऱ्याचे दगड उघडे पडलेले, कोणाचे ते तिला नक्की सांगता येईना, दोन घरांची नावं घेत राहिली, याचं की त्याचं. लाँचवाल्याने इंजिन बंद केलं आणि तो तिला काय काय विचारायला लागला, त्याचे स्वतःचे आजोबा वरच्या गावचे निघाले, तिने त्यांना नावाने ओळखलं. पैसे घेईना शेवटी. नवऱ्याने जबरदस्तीने खिशात घातले. आजी रडेल म्हणून मी घाबरले होते पण ती परतीच्या रस्त्यात सगळा वेळ बोलत होती, कोणाचा बैल कोणाच्या शेतात शिरला, कोणाचं लग्न कसं मोडलं. मी फोनवर रेकॉर्ड केलंय सगळं. नणंद लिहून काढतेय हळूहळू, गावांची नावं बरोबर लागली पाहिजेत म्हणून.

खेडची लेक :
अगं काय लिहिलंयस. ती गावांची नावं लिहून झाली की इथे टाक प्लीज, कांदाटीतल्या त्या मुलाला पाठवते, त्याच्या घरचे पण हेच सांगत होते.

जुना चिपळूणकर :
@पेण अलीकडे आजींना माझा नमस्कार सांगा. कोयनेचे प्रकल्पग्रस्त ठाणे, रायगड, सोलापूर, सांगली असे कुठे कुठे विखुरले. रेकॉर्डिंगची एक प्रत दुसऱ्या कुणाकडे ठेवा, फोनचा भरवसा नसतो.

पेण अलीकडे :
हो काका, आजच नणंदेला पाठवते. आजी विचारतेय चिपळूणचे म्हणजे कुठले

आंबा कातळ :
@वाशिष्ठीकाठ काकांनी सांगितलेली नावं तुला आठवतात का काही? दोन्ही याद्या जुळवता येतील.

वाशिष्ठीकाठ :
मला तीन-चारच आठवतात. पण माझ्या मोठ्या चुलतभावाने तेव्हा वहीत लिहिली होती, तो पुण्याला असतो, रात्री फोन करते त्याला. पेणच्या ताई, तुमच्या नणंदेचं किती झालंय लिहून?

गुहागरकर :
देवरुखी धन्यवाद, सकाळी सहाला निघतोय. येताना वेळ मिळाला तर नवजाला ओझर्डे धबधबा करता येईल का, की वयस्कर माणसांना जड जाईल?

देवरुखी :
पायऱ्या आहेत आणि ओल्या असतात. आई-बाबांना नेहरू उद्यानात बसवा आणि तुम्ही जाऊन या. पावसाचा अंदाज बघूनच ठरवा, नवजाला कोयनानगरपेक्षा पण जास्त पडतो बऱ्याचदा.